जन्माला आलो खरे, पण…

(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



वर्धापनदिनाला दरसाल कोणी विदुषी बोलावून आपण तिचे व्याख्यान ऐकतो. यंदा ते काम घरच्याच माणसावर येऊन पडले आहे. त्याचे कारण माझी विद्वत्ता नव्हे, तर तुमच्या तक्रारी. गेल्या महिन्यात आपल्या दालनात पांढरी चादर ताणून आपण एक जुना जपानी मूकपट पाहिला. दुसऱ्या दिवसापासून कार्यकारिणीकडे त्याबद्दल कुरकुर येऊ लागली. चित्रपट निवडला मी, तेव्हा जाबही मीच द्यावा, असे ठरले.

पहिली तक्रार शेजारच्या इमारतीतल्या एका वयस्क गृहस्थांची. त्यांचे म्हणणे असे की, जिन्यात पोरे मरून पडलेली असतात. ओलांडून जावे तर पाय घसरतो, उठवावे तर उठत नाहीत. दुसरी एका आजींची. त्यांचा नातू मनासारखे झाले नाही म्हणून दुपारी जेवला नाही, आणि हे त्याला मंडळाने शिकवले! तिसरी तक्रार मात्र हसण्यावारी नेण्याजोगी नाही. एका वहिनींनी मला बाजूला घेऊन विचारले, "पोरगा बापाला तोंडावर म्हणतो, तुम्ही काही मोठे नाही. हे आपण आपल्या मुलांना दाखवावे का?" पहिल्या दोन तक्रारींना मी हसले. तिसरीने मला रात्री झोप आली नाही. ते का, ते ओघाने येईलच.

ज्यांना त्या दिवशी येता आले नाही त्यांच्यासाठी थोडी हकीकत सांगते. चित्रपटाच्या जपानी नावाचा अर्थ 'जन्माला आलो खरे, पण…' असा आहे, आणि वर त्याला 'मोठ्यांसाठी चित्रांचे पुस्तक' असे बिरुदही लावलेले आहे. दिग्दर्शक यासुजिरो ओझू. साल 1932.

साल ऐकून काही जणींच्या भुवया वर गेल्या, त्या बरोबरच गेल्या. आपल्याकडे 1931 च्या मार्चमध्ये 'आलम आरा' बोलू लागला होता, आणि 1932 साली प्रभातचा 'अयोध्येचा राजा' मराठीतून बोलत होता. दुर्गाबाई खोट्यांचा आवाज लोक चित्रपटगृहात ऐकत होते. मग हे महाशय मुकेच कसे राहिले? जपानातही बोलपट 1931 साली आला होता. परंतु तिथे मूकपट खरोखर मुका कधी नव्हताच. पडद्याशेजारी 'बेंशी' नावाचा कथेकरी उभा राहून सगळ्या पात्रांचे बोलणे स्वतः बोलून दाखवी. लोक नटासाठी येत तसे बेंशीसाठीही येत, आणि ही मंडळी आपली भाकरी सुखासुखी सोडायला तयार नव्हती. ओझूंचे कारण याहून वेगळे होते. त्यांचा छायाचित्रकार स्वतःची ध्वनियंत्रणा तयार करण्याच्या खटपटीत होता, आणि तुझे यंत्र तयार होईपर्यंत मी थांबेन, असा शब्द ओझूंनी त्याला दिलेला होता. त्यांचा पहिला बोलपट निघायला 1936 साल उजाडले. शब्द पाळणारा माणूस!

आपल्या दालनात बेंशीचे काम मी केले, हे तुम्हाला आठवतच असेल. पडद्यावरची इंग्रजी वाक्ये मी मराठीतून मोठ्याने वाचत होते, आणि पुढच्या रांगेतली बाळे माझ्याआधीच ओरडून सांगत होती, "आता तो त्याला मारणार!" त्यांना वाक्यांची गरजच नव्हती.

गोष्ट अगदी साधी आहे. योशिई नावाचा एक नोकरदार बायको आणि दोन मुलगे यांना घेऊन टोकियोच्या एका उपनगरात बिऱ्हाड हलवतो. सामानाची मोटार चिखलात रुतून चाक नुसते गरगर फिरते आहे, इथून चित्र सुरू होते. बाप मुलांना सामानापाशी सोडून आधी साहेबाला भेटायला जातो, कारण साहेब इवासाकी यांचा बंगला जवळच आहे. बिऱ्हाड तिथे का हलवले, हे चाणाक्ष बायकांना एवढ्यावरून कळले. मुलांना ते कळायला पाऊण चित्रपट जावा लागतो.

मुलांपुढे वेगळाच प्रश्न आहे. गल्लीतली टोळी. नवे पोर आले की त्याला बडवायचे, हा सगळ्या देशांतल्या गल्ल्यांचा कायदा. थोरला र्‍योइची आणि धाकटा केइजी या दोघांना इतका धाक बसतो की ते शाळेलाच दांडी मारतात. माळावर बसून डबा खातात, आणि घरी दाखवायला मास्तरांची शाबासकी हवी म्हणून दुकानातल्या पोऱ्याकडून आपल्या कागदावर उत्तम गुणाचे अक्षर काढून घेतात. अंगात बळ येते म्हणून चिमणीची कच्ची अंडी खाण्याची तिथे टूम आहे. टोळीतल्या एका अगदी चिमुकल्याच्या पाठीवर पाटी लावलेली आहे, की याचे पोट बिघडले आहे, याला काही खायला देऊ नये. त्या पाटीला आपल्याकडच्या सगळ्या आया एकदम हसल्या. मला वाटते चार जणींनी ती कल्पना मनात टिपूनही ठेवली.

आणि तो मरणाचा खेळ. जो टोळीचा म्होरक्या, त्याने दोन बोटे रोखली की समोरच्याने जागच्या जागी जमिनीवर पडायचे, आणि त्याने हाताची खूण करून उठवल्याशिवाय उठायचे नाही. हेच ते आमच्या जिन्यातले मरण. त्या गृहस्थांना माझी सूचना आहे की ओलांडून जाऊ नये. म्होरक्या कोण ते शोधावे आणि त्याच्याशी संधान बांधावे.

खोड्या खोड्या म्हणून आपण हसतो. परंतु ओझूंनी त्या खोड्यांत एक हिशेब दडवून ठेवला आहे. दोघे भाऊ दुकानातल्या पोऱ्याला गळ घालतात की आमच्या वतीने त्या दांडगटाला ठोक, आमच्या घरी तुझ्याकडून माल घेतात. तो ठोकतो. मग ते म्हणतात, आता या तारोलाही ठोक. तारो म्हणजे साहेब इवासाकींचा मुलगा. पोऱ्या म्हणतो, ते जमायचे नाही, त्याच्या घरचे गिऱ्हाईक मोठे आहे. मुले पाहतात, विसरतात आणि पुन्हा खेळायला पळतात. आपण मात्र विसरत नाही.

भाऊ हळूहळू टोळीचे म्होरके होतात. आता तारोसुद्धा त्यांच्या बोटापुढे निमूट मरून पडतो. गल्लीत असे राज्य असताना एके संध्याकाळी साहेबांच्या बंगल्यावर घरगुती चित्रफिती दाखवण्याचा कार्यक्रम निघतो. साहेबांना यंत्राचा शौक आहे. आधी प्राणिसंग्रहालय. झेब्र्याच्या पांढऱ्या अंगावर काळे पट्टे की काळ्यावर पांढरे, यावर पोरांचा वाद. मध्येच साहेब दोन गेशांबरोबर रस्त्यात दिसतात, आणि त्यांच्या पत्नीच्या चेहऱ्याकडे पाहण्याची कोणाची छाती होत नाही. आणि मग पडद्यावर दिसतो आपला योशिई, दोघा पोरांचा बाप. तोंड वेडेवाकडे करतो आहे, माकडचेष्टा करतो आहे, आणि साहेबांसकट सारी खोली हसते आहे. पोरांचा बाप घरी किती कडक! हसणाऱ्यांत दोनच तोंडे हसत नाहीत.

घरी येऊन थोरला बापाला विचारतो. आम्हाला मोठे व्हा म्हणता, मग तुम्ही मोठे का नाही? तारोच्या बापापुढे वाकता का? बाप सांगतो, ते मला पगार देतात. पोर म्हणते, मग घेऊ नका त्यांचा पगार. उत्तर आहे का कोणाजवळ? बापाजवळ नव्हते. त्याने पोराला बडवले. पोरे रडत झोपली, आणि रात्री नवराबायको त्यांच्या उशाशी बसून म्हणतात की, आपल्यासारखेच यांचेही जन्म जायचे का?

या प्रसंगात मला एक गोष्ट फार आवडते. ओझू यंत्र फार खाली ठेवतात. आपण पाटावर बसलो की डोळे जेवढ्या उंचीवर येतात, तेवढ्याच उंचीवर. त्यामुळे उभा राहून ओरडणारा बाप मोठा दिसतो, आणि तोच खाली बसला की एकदम आपल्याएवढा होतो. शाळेत रांगेने कवायत करणारी मुले दाखवता दाखवता चित्र सरकत कचेरीत जाते, तिथे रांगेने मेजांवर बसलेले कारकून जांभया देत आहेत. एका वाक्याचेही भाष्य नाही. ही लोकांना न टोचता सांगण्याची रीत आपल्या व्याख्यात्यांनी उचलण्याजोगी आहे, आणि त्यांत मीही आलेच.

सकाळी दोघे भाऊ उपोषणाला बसतात. आई भाताचे गोळे करून त्यांच्यापुढे ठेवते. पंडित लोकांनी या चित्रपटावर पुष्कळ लिहिले आहे, बाप आणि साहेब, शाळा आणि कचेरी. पण भाताच्या गोळ्यांपाशी ते घाईने पुढे सरकतात. मला विचाराल तर तह तिथेच झाला. जगाचा न्याय काय व्हायचा तो होवो, सकाळी भात शिजवावा लागतोच, आणि तो शिजवणारीला रात्रीचे भांडण ऐकूच आले नव्हते असे थोडेच आहे? बापही येऊन शेजारी बसतो आणि तिघेही खातात. बाप धाकट्याला विचारतो, तू मोठेपणी कोण होणार? लेफ्टनंट जनरल. जनरल का नाही? तर ती जागा दादाची आहे!

इथे आपण सगळ्या हसलो. आज सांगते, मी वाचता वाचता अडखळले होते. हा चित्रपट 1932 चा. 1937 साली जपान-चीन युद्ध पेटले, आणि त्याच वर्षी स्वतः ओझूंना सैन्यात बोलावणे येऊन ते चीनच्या आघाडीवर गेले. 1939 साली परतले. पडद्यावरचे दहा वर्षांचे पोर 1942 साली वीस वर्षांचे. चित्रपटात यातले काही नाही, असणे शक्यही नव्हते. त्या पोराने फक्त भावाची जागा राखून ठेवली होती.

शेवटी शाळेच्या वाटेवर रेल्वेच्या फाटकाशी साहेबांची मोटार उभी असते. बाप जावे की न जावे अशा पेचात. तेव्हा मुलेच त्याला सांगतात, जा, नमस्कार करा. बाप जातो. मुले तारोबरोबर शाळेला जातात. पार्श्वभूमीला विजेच्या गाड्या धडधडत जातच असतात, इतक्या की रुळांच्या कडेला जन्म काढलेल्या आपल्यासारख्यांना त्या दिसल्याही नसतील.

ओझूंविषयी थोडेसे. खताच्या व्यापाऱ्याचा हा मुलगा. तरुणपणी एक वर्ष डोंगरातल्या खेड्यात शाळामास्तर होता. जन्मभर लग्न केले नाही, आईपाशी राहिला. जन्म 12 डिसेंबर 1903, मृत्यू 12 डिसेंबर 1963, बरोबर साठाव्या वाढदिवशी. स्वतःला मूल नसलेल्या माणसाने मुलांना इतके ओळखावे, याचे काही जणींना नवल वाटले. मला नाही वाटले. आपल्या मंडळाची बालवाडी कोणी चालवली, ते आठवा.

या चित्रपटाला त्या वर्षीचा जपानमधला सर्वोत्तम चित्रपट म्हणून 'किनेमा जुम्पो' या नियतकालिकाने निवडले. धाकट्याचे काम करणारा तोमिओ आओकी तेव्हा आठ-नऊ वर्षांचा होता, आणि आधीच नावाजलेला. 1929 साली ओझूंनीच त्याला घेऊन 'तोक्कान कोझो' नावाचा छोटा मूकपट काढला होता. त्यात पोरे पळवणारा एक चोर या पोराला पळवतो, आणि ते पोर असे काही बिलंदर निघते की त्याला परत कसे करावे हीच चोरांना पंचाईत पडते. त्या चित्राचे नावच पुढे या मुलाला चिकटले. तो 2004 साली वारला.

खोड्यांचे मूकपट आपल्यालाही परके नाहीत, एवढे जाता जाता सांगते. दादासाहेब फाळक्यांनी 1919 साली 'कालिया मर्दन' काढला, त्यात बाळकृष्ण झाली होती त्यांचीच लहानगी मुलगी मंदाकिनी. गोकुळातल्या खोड्या पाहताना कोणी म्हणत नाही की मुले बिघडतील. देवाने केल्या की त्या लीला, गल्लीतल्या पोराने केल्या की कार्यकारिणीकडे तक्रार!

असो. आता वहिनींच्या प्रश्नाकडे येते.

माझे वडील, आम्ही त्यांना आप्पा म्हणत असू, एका पेढीवर कारकून होते. गावाचे आणि पेढीचे नाव सांगत नाही, त्याची जरुरी नाही. मी दहा वर्षांची, भाऊ सात वर्षांचा. वाड्यात आप्पांचा दरारा असा की ते पायरी चढले की भाऊ गोट्या तोंडात टाकी. आमच्या शाळेच्या संमेलनाला त्या वर्षी पेढीचे मालक प्रमुख पाहुणे. आप्पा काळी टोपी, धुतलेला कोट घालून त्यांच्या मागे मागे. मला कोण अभिमान! समारंभ संपला, मालक खुर्चीवरून उठू लागले, तो त्यांची एक चप्पल व्यासपीठाच्या फटीत सरकली. आप्पा झटकन गुडघ्यावर आले, हात घालून चप्पल काढली, कोटाच्या बाहीने पुसली आणि मालकांच्या पायाशी सरळ करून ठेवली. मालकांनी पाय घातला. खाली पाहिलेसुद्धा नाही. माझ्या मागच्या रांगेतली एक मुलगी फिसकन हसली, आणि मग साऱ्या रांगेला ते लागले.

त्या संध्याकाळी मी आप्पांना काही विचारले नाही. जपानी पोरांएवढा धीर मला नव्हता. मी न्हाणीघरात गेले आणि खुंटीवरची त्यांची काळी टोपी पेटत्या बंबाच्या नळकांड्यात टाकली. भाऊ दारात उभा होता. त्याने एवढेच विचारले, "आता आप्पा काय घालणार?"

वाडाभर जळका वास सुटला. आईने बंबात चिमटा घालून टोपीचा उरलेला तुकडा बाहेर काढला. मी आतल्या खोलीत डोक्यावरून पांघरूण घेऊन पडले होते, पण भिंत कुडाची होती. आप्पा म्हणाले, "अगं, भिजली होती म्हणून मीच बंबावर वाळत ठेवली. पडली असेल आत." आई त्यांना वेंधळेपणाबद्दल पुष्कळ बोलली. महिनाअखेर, नवी टोपी कुठून आणायची, असे सगळे. ते गप्प ऐकून घेत होते. टोपी भिजलेली नव्हती. त्या दिवशी पाऊस नव्हता.

सकाळी बोडक्या डोक्याने पेढीवर जाणे त्या काळी अशक्य. भावाने आपली शाळेची पांढरी टोपी आणून त्यांच्या हातात दिली. ती त्यांच्या डोक्यावर वाटीसारखी बसली. त्यांनी ती तशीच घातली, वाड्याच्या दिंडीपर्यंत तशीच गेले, आणि बाहेर पडताना काढून खिशात ठेवली. मी खिडकीतून पाहत होते. त्या रात्री जेवताना त्यांनी नेहमीप्रमाणे भाताची खरवड माझ्या ताटात वाढली. मी ती खाल्ली. आम्ही दोघेही काही बोललो नाही, तेव्हाही नाही आणि पुढे 1983 साली ते जाईपर्यंतही नाही. तेवीस वर्षे मला वेळ मिळाला नाही, असे कोण म्हणेल?

वहिनी, म्हणून मला वाटते की त्या पोराने विचारले ते बरे केले. मार खाल्ला, रडला, पण सकाळी बापाजवळ बसून भात खाल्ला आणि फाटकाशी बापाला आपणहून म्हणाला की जा, नमस्कार करा. मला ते कधी म्हणता आले नाही. तुमच्या मुलाने विचारले तर तुमच्या यजमानांना उत्तर सुचेलच असे नाही. योशिईला सुचले नाही, आप्पांना तर मी विचारलेही नाही. माझे म्हणणे तुम्हाला पटेलच असे नाही, आणि तुमच्या घरचा निर्णय तुमचा. पण चित्रपट कार्यक्रमातून काढून टाकावा असे ज्यांनी सुचवले आहे त्यांना माझी विनंती आहे की, आधी तो आपल्या यजमानांसह एकदा पाहावा.

हे सगळे परवा फोनवर भावाला सांगितले. तोही आता सत्तरीच्या पुढे गेला आहे. मला वाटले, तो म्हणेल, किती जुने उकरतेस! तो म्हणाला, "माझी ती पांढरी टोपी त्यांनी परत दिलीच नाही. मास्तरांनी मला दोन दिवस बाहेर उभे केले होते."

पुढच्या शनिवारी सायंकाळी 5 वाजता, 'तोक्कान कोझो'चा जेवढा भाग आज शिल्लक आहे तेवढा दाखवू. लहानच आहे, त्यामुळे स्वयंपाकाला उशीर होणार नाही. सतरंज्या बालमंडळींनी घालावयाच्या आहेत. आणि येता-जाता कोणी जिन्यात मरू नये.